आधी कोणाला बघायचं: सॅली वेनराइट की जेड मर्क्युरिओ?

गेल्या दोन महिन्यांत दोघांनी मला एकच प्रश्न विचारला. एक मिरजेची मुलगी. एमबीबीएस झालीय, रेसिडेन्सी करते, नाइट ड्युटीवरून आली की झोपायच्या आधी तासभर लिहिते. दुसरा माझ्याच धंद्यातला. आठ वर्षं डेली मालिकांचे संवाद लिहितोय आणि आता, त्याच्याच शब्दांत, ‘सासूच्या हातातलं ताट कुठल्या ब्रेकला पाडायचं’ याचा त्याला वीट आलाय. दोघांनाही ब्रिटिश मालिका बघून पटकथा शिकायची आहे, आणि वेळ दोघांकडेही नाही. ‘ताई, एकाच लेखकाचं काम आधी नीट बसून बघायचं तर कोणाचं?’

यादी कितीही लांबवता येईल, पण मी दोनच नावं समोर ठेवते: सॅली वेनराइट आणि जेड मर्क्युरिओ. कारण सरळ आहे. दोघांचं सर्वांत गाजलेलं काम पोलिसांवरचं आहे, दोन्ही मालिका बीबीसीच्या आणि साधारण एकाच काळातल्या. मर्क्युरिओची ‘लाइन ऑफ ड्यूटी’ 2012 मध्ये सुरू झाली, वेनराइटची ‘हॅपी व्हॅली’ 2014 मध्ये. भाग तासाभराचा, मध्ये जाहिरात नाही, एका पर्वात सहाच्या आसपास भाग. माल इतका सारखा असला की कारागिरीतला फरक चटकन दिसतो.

‘हॅपी व्हॅली’चे तीन पर्वांत मिळून अठरा भाग आहेत. आपल्या डेलीच्या हिशोबाने तीन आठवडे. ते अठरा भाग दाखवायला वेनराइटने नऊ वर्षं घेतली. आमच्या ईपीला, म्हणजे कार्यकारी निर्मात्याला, हे सांगितलं तर तो आधी हसेल आणि मग विचारेल, बँक (आधीच तयार ठेवलेले भाग) किती दिवसांची होती?

आणखी एक फरक श्रेयनामावलीतला. आपल्याकडे कथा एकाची, कथाविस्तार किंवा पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे. मी बहुतेक वेळा ही तिसरी. पात्र कोणाच्या प्रेमात पडणार हे मला वनलाइनमध्ये, म्हणजे भागाच्या आराखड्यात, लिहून येतं, कसं बोलत पडणार तेवढं माझ्या हातात. या दोघांच्या मालिकांत गोष्ट, तिची मांडणी आणि बोलणं एकाच हातचं असतं, आणि लेखकच कार्यकारी निर्माताही असतो. त्यामुळे काही फसलं तर दोष द्यायला दुसरं कोणी नसतं. हा अधिकार दोघांना सुरुवातीपासून नव्हता. तो त्यांनी कसा कमावला, तिथूनच तुलना सुरू होते.

बस चालवणारी मुलगी

वेनराइटचा जन्म 1963 चा, हडर्सफील्डचा. वाढली सोअर्बी ब्रिजला. पश्चिम यॉर्कशरमध्ये कॅल्डर नदीच्या खोऱ्यात एकेकाळी लोकरीच्या आणि कापडाच्या गिरण्या होत्या. दगडी घरं, उभे चढ आणि गिरण्या बंद पडल्यावर मागे राहिलेली गावं. यॉर्क विद्यापीठात इंग्रजी साहित्य शिकली, एडिंबराच्या फ्रिंज महोत्सवात नाटक घेऊन गेली, तिथून एजंट मिळाला. पण एजंट मिळाला म्हणजे पोट भरलं असं नाही, म्हणून लंडनमध्ये बस चालवली. पुढे 2006 मध्ये ‘जेन हॉल’ ही मालिका तिने बस चालवणाऱ्या मुलीवरच लिहिली. अनुभव वाया घालवायचा नाही हा लेखकाचा कंजूषपणा तिच्यात पुरेपूर आहे.

लेखनाची पहिली खरी नोकरी रेडिओवर मिळाली: ‘द आर्चर्स’. एका काल्पनिक खेड्यातल्या शेतकरी कुटुंबाची ही मालिका 1951 च्या जानेवारीपासून देशभर ऐकू येते आहे. मुळात युद्धानंतरच्या टंचाईत शेतकऱ्यांना शेतीची माहिती गोष्टीतून पोचवावी म्हणून ती काढली होती. बघा, चित्र नाही, चेहरा नाही, जे आहे ते बोलण्यात. विशीतल्या लेखिकेचा हात बसायला याहून चांगली जागा कुठली?

मग 1994 ते 1999 ‘कॉरोनेशन स्ट्रीट’. मँचेस्टरजवळच्या एका काल्पनिक गल्लीतल्या कामगार कुटुंबांची ही मालिका 9 डिसेंबर 1960 ला सुरू झाली आणि अजून चालू आहे. तिथली पद्धत आपल्याला ओळखीची वाटेल. लेखक आणि स्टोरीलाइनवाले बैठकीत भांडून गोष्ट ठरवतात, मग भागाचा आराखडा कागदावर येतो, आणि लेखकाच्या वाट्याला एक-एक भाग येतो. तिघांचे तीन ट्रॅक, म्हणजे उपकथानकं, एका भागात कोंबायचे, कोणाला आठवडाभर गायब करायचं तर त्याला मावशीकडे पाठवायचं. वेनराइटने हे पाच वर्षं केलं.

तिथून तिला हलवलं के मेलरने. मेलर लीड्सची, स्वतः ‘कॉरोनेशन स्ट्रीट’ लिहिलेली, नंतर ‘बँड ऑफ गोल्ड’सारख्या स्वतःच्या मालिका उभ्या केलेली. तिने वेनराइटला सांगितलं की आता हे सोड आणि स्वतःचं लिही. असं सांगणारं वरिष्ठ माणूस आयुष्यात एकदा तरी भेटावं. मला जे भेटले त्यांनी उलट सांगितलं होतं: ‘महिन्याचा चेक येतोय ना? मग कशाला?’

2000 साली ‘ॲट होम विथ द ब्रेथवेट्स’ आली. एका गृहिणीला 3 कोटी 80 लाख पौंडांची लॉटरी लागते आणि ती घरात कोणाला सांगतच नाही. एका ओळीत सांगता येते आणि चार पर्वं चालते, अशी कल्पना. त्यानंतर दहाएक वर्षं तिने भरपूर लिहिलं. काही चाललं, काही नाही. सुपरमार्केटची व्यवस्थापक थेट पंतप्रधान होते ती ‘द अमेझिंग मिसेस प्रिचर्ड’ एका पर्वात आटोपली. ‘अनफरगिव्हन’ (2009) मात्र बघाच. तीन भागांची आहे, आणि पुढच्या वेनराइटची पहिली स्पष्ट चाहूल तिथे लागते. मग 2011 ला ‘स्कॉट अँड बेली’, 2012 ला ‘लास्ट टँगो इन हॅलिफॅक्स’, 2014 ला ‘हॅपी व्हॅली’. तीन वर्षांत तीन मालिका, आणि लेखिका पन्नाशीला टेकलेली. आमच्याकडे या वयात लेखकाला विचारतात, ‘यूथचं काही आहे का?’

‘लास्ट टँगो’ तिच्या आईवरून सुचली. उतारवयात आईने तरुणपणी ओळखीच्या असलेल्या माणसाशी लग्न केलं होतं. त्या दोन म्हाताऱ्यांच्या प्रेमाच्या मालिकेला 2013 चा सर्वोत्कृष्ट ड्रामा मालिकेचा बाफ्टा, तिकडचा टीव्हीचा मानाचा पुरस्कार, मिळाला. ‘हॅपी व्हॅली’ला तोच पुरस्कार दोनदा, 2015 ला आणि 2017 ला.

जाहिरातीला उत्तर देणारा डॉक्टर

मर्क्युरिओची वाट अगदीच वेगळी. जन्म 1966, लँकेशरमधलं नेल्सन, वाढला स्टॅफर्डशरमधल्या कॅनकला. बर्मिंगहॅमला वैद्यकीय शिक्षण घेतलं, काही काळ हवाई दलाशीही जोडलेला होता. रुग्णालयात ज्युनिअर डॉक्टर असताना ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये त्याला एक जाहिरात दिसली: वैद्यकीय मालिकेसाठी डॉक्टरांची मदत हवी आहे. त्याने उत्तर धाडलं. मदत करता करता तोच लेखक झाला, आणि 1994 मध्ये बीबीसीवर ‘कार्डिॲक अरेस्ट’ आली. नाव मात्र खोटं लावलं होतं, जॉन मॅक्युअर, कारण अजून नोकरीतच होता. झोप न झालेले डॉक्टर, चुका झाकणारे वरिष्ठ, रुग्णांवर कडवट विनोद. हे सगळं आतला माणूसच लिहू शकतो.

म्हणजे या गृहस्थाने डेली नाही, रेडिओ नाही, कोणाच्या हाताखाली उमेदवारी नाही, थेट स्वतःची मालिका लिहिली. हेवा वाटतो. पण त्यासाठी आधी त्याने वॉर्डमध्ये किती रात्री काढल्या असतील तेही मोजायला हवं.

पुढे ‘बॉडीज’ (2004), स्वतःच्याच कादंबरीवरून, प्रसूती विभागातली. एका वरिष्ठ डॉक्टरच्या हातून रुग्णांचं नुकसान होतंय, सगळ्यांना माहीत आहे, आणि कोणी बोलत नाही. हे वाक्य लक्षात ठेवा. यातला डॉक्टर काढून पोलीस घातला की ‘लाइन ऑफ ड्यूटी’ तयार होते. पोलिसांमधल्या भ्रष्टाचाराची चौकशी करणारा एसी-12 हा विभाग, आणि प्रत्येक पर्वात संशयाच्या पिंजऱ्यात एक नवा अधिकारी. मर्क्युरिओने आयुष्यभर एकच गोष्ट लिहिली असं मी म्हणते, आणि हे कौतुक आहे: संस्था स्वतःची चूक कशी लपवते. वर्दी तेवढी बदलत गेली.

‘लाइन ऑफ ड्यूटी’ आधी बीबीसी टूवर होती, म्हणजे धाकट्या वाहिनीवर. चौथ्या पर्वापासून बीबीसी वनवर गेली. 2 मे 2021 च्या सहाव्या पर्वाच्या शेवटच्या भागाला त्या रात्रीचे प्रेक्षक 1 कोटी 28 लाख होते. ‘हॅपी व्हॅली’चा शेवट 5 फेब्रुवारी 2023 ला झाला तेव्हा 75 लाख. आकड्यांत मर्क्युरिओ सरळ पुढे आहे. मधल्या काळात 2018 ला त्याची ‘बॉडीगार्ड’ आली. तिच्या शेवटालाही त्याच रात्री एक कोटीच्या वर लोक बसले होते. ज्या काळात लोक पुढेमागे कधीही मालिका बघतात, त्या काळात याने अख्ख्या देशाला रविवारी रात्री नऊला सोफ्यावर आणून बसवलं. टीआरपीवर जगणाऱ्या माझ्यासारखीला त्याचं मोल वेगळं सांगायला नको.

फुकटचा नाश्ता आणि नाकारलेली पगारवाढ

आता कारागिरी. दोन्ही मालिकांचा पहिला भाग एकामागून एक बघा आणि कागदावर एवढंच लिहा: पहिला प्रसंग सोडा, गोष्टीची गाडी कशावरून सुरू होते?

‘लाइन ऑफ ड्यूटी’ सुरू होते एका नाश्त्यावरून. टोनी गेट्स हा नावाजलेला, पुरस्कार मिळवलेला पोलीस अधिकारी. एका कॅफेत त्याने नाश्ता केला आणि पैसे दिले नाहीत. एसी-12 त्याच्या मागे लागतं ते तेवढ्याशा गोष्टीवरून. मग कळतं की त्याची टीम एकाच गुन्ह्याला कलमांवर कलमं चढवून यशाचे आकडे फुगवते. मग त्याच्या मैत्रिणीचं प्रकरण. मग खून. प्रत्येक पायरीवर गेट्सला एक छोटं खोटं बोलून सुटायची संधी मिळते, तो ती घेतो, आणि पुढची पायरी आणखी निसरडी होते.

‘हॅपी व्हॅली’ सुरू होते पगारवाढीवरून. केव्हिन नावाचा हिशेबनीस मालकाकडे पगार वाढवून मागतो, मुलीला चांगल्या शाळेत घालायचं असतं. मालक नाही म्हणतो. अपमान झालेला केव्हिन चुकीच्या माणसाला जाऊन सांगतो की मालकाच्या मुलीला पळवता येईल. नंतर मालकाचं मन बदलतं, पण तोवर चाक फिरलेलं असतं, आणि पळवायच्या कामाला जो लागतो तो टॉमी ली रॉइस, तुरुंगातून नुकताच सुटलेला. मालिकेची नायिका, पोलीस सार्जंट कॅथरीन कॉवूड, तिच्या मुलीच्या मृत्यूला तो कारण आहे, निदान कॅथरीनच्या लेखी. आणि कॅथरीन ज्याला वाढवते आहे तो नातू त्याच्यापासून झालेला.

दोघांनीही क्षुल्लक गोष्टीतून वणवा पेटवला. फरक मला असा दिसला. नाश्त्याचं पुढे काय होणार हे मर्क्युरिओला माहीत आहे, मला नाही. ते कळावं म्हणून मी बसते. केव्हिनचं काय होणार हे मला पाचव्या मिनिटाला कळतं, कारण असा केव्हिन मी पाहिलेला आहे. आमच्या सोसायटीत दोन आहेत. तरी मी बसते, कारण तो आता बायकोला काय सांगणार हे मला बघायचंय.

दोन टेबलं

मर्क्युरिओचं टेबल चौकशीच्या खोलीत आहे. रेकॉर्डर सुरू करताना एक लांबलचक भोंगा वाजतो, इतका लांब की मुद्दाम ठेवलाय हे कळतं. तो संपेपर्यंत कोणी बोलायचं नाही. मग नावं, हुद्दे. चौकशीला बसलेल्याला हक्क असा की त्याच्याहून निदान एक हुद्दा वरचा अधिकारीच प्रश्न विचारील, आणि तो हा हक्क हमखास बजावतो. मग फायली उघडतात, अमुक क्रमांकाचा कागद बघा, हा फोटो कोणाचा. वीस-वीस मिनिटं हे चालतं. पाठलाग नाही, गोळीबार नाही, पार्श्वसंगीतही जवळपास नाही. तरीही हातातला चहा गार होतो. कारण कोणाला किती माहीत आहे हे दर दोन मिनिटांनी पालटतं. ज्याच्याकडे पत्ते आहेत असं वाटत होतं त्याच्यावरच पान उलटतं. सगळी ताकद माहिती रोखण्यात आणि नेमक्या क्षणी सोडण्यात आहे.

त्याचा दुसरा हट्ट भाषेचा. पोलिसांची लघुरूपं तो धडाधड वापरतो आणि समजावत नाही. सहाव्या पर्वात ‘चिस’ म्हणजे काय हे अर्धा देश एकमेकांना विचारत होता (गुप्त खबरी, एवढाच अर्थ). आपल्याकडे मी ‘एफआयआर’ लिहिलं तरी चॅनलवरून फोन येतो, पुढच्या संवादात अर्थ घाला. मर्क्युरिओचं गणित निराळं आहे: माणसं खरी वाटली तर प्रेक्षक शब्द सोडून देतो.

वेनराइटचं टेबल स्वयंपाकघरात आहे. कॅथरीन आणि तिची बहीण क्लेअर, मध्ये चहाचे मग. क्लेअर व्यसनातून सावरलेली. मागच्या अंगणात एक सिगरेट ओढायची आणि तेवढ्या वेळात मुडदा, नातवाची शाळा, जेवायला काय, हे सगळं बोलून घ्यायचं. वाक्यं अर्धवट सुटतात, एकावर एक चढतात, विनोद नेमका नको तिथे येतो. कोणी कोणाला माहिती देत नसतं, कारण दोघींना सगळं माहीत असतं. मग प्रेक्षकाला कसं कळतं? इथे हातचलाखी आहे, आणि ती डेलीवाल्यांनीच ओळखावी. आम्ही लिहितो, ‘तुला माहीतच आहे ताई, दोन वर्षांपूर्वी बाबा गेल्यापासून…’ जी गोष्ट ताईला माहीत आहे ती तिला सांगायची. वेनराइटची पात्रं जुनी गोष्ट सांगत नाहीत, तिच्यावरून भांडतात. भांडणात माणूस जुना हिशोब काढतोच, त्यामुळे आपल्याला सगळं समजतं आणि कोणी समजावतंय असं वाटत नाही.

मालिकेचं नावही तिथलंच आहे. अमली पदार्थांनी पोखरलेल्या त्या खोऱ्याला स्थानिक पोलीस कुत्सितपणे ‘हॅपी व्हॅली’ म्हणत, आनंदाचं खोरं. कॅथरीन झालेली सारा लँकेशर नव्वदच्या दशकात ‘कॉरोनेशन स्ट्रीट’मध्ये बारमागे उभी राहणारी रॅकेल होती. ‘स्कॉट अँड बेली’ आणि ‘जंटलमन जॅक’मधली सुरॅन जोन्सही त्याच गल्लीतून आलेली. म्हणजे डेलीमधून वेनराइटने बोलण्याचा कान आणलाच, पुढे भूमिका दिल्या त्याही त्याच गल्लीतल्या नट्यांना.

दुसरं पर्व 2016 ला संपल्यावर ती सात वर्षं थांबली. नातवाचं काम करणारा मुलगा मोठा व्हावा, सोळा वर्षांचा दिसावा आणि बापाला भेटायचं की नाही हे त्याने स्वतः ठरवावं म्हणून. मुलगा तोच ठेवला. आम्ही असतो तर लीप घेतला असता, म्हणजे गोष्ट एका उडीत काही वर्षं पुढे, सोमवारच्या प्रोमोत नवा चेहरा.

जिथे दोघं घसरतात

मर्क्युरिओला कोणालाही मारायला हात कचरत नाही. पोस्टरवरचा चेहरा पहिल्याच भागात खिडकीतून खाली जाऊ शकतो. पहिल्यांदा धक्का बसतो, चौथ्यांदा आपण वाट बघतो. शिवाय सगळ्या पर्वांतून पुरवलेल्या एका मोठ्या रहस्याचं उत्तर सहाव्याच्या शेवटी आलं तेव्हा पुष्कळ प्रेक्षक चिडले. मला स्वतःला ते उत्तर आवडलं. फार मोठा राक्षस नसतो, सुमार माणूस वर चढत जातो आणि कोणी बघत नाही, हे त्याच्या आयुष्यभराच्या विषयाला धरूनच आहे. पण इतकी वर्षं शपथेवर राक्षस दाखवीन म्हणायचं आणि मग हे, यावर लोकांचा राग मी समजू शकते. आणि खरं सांगायचं तर घरी गेल्यावर त्याची माणसं थोडी पोकळ होतात. ऑफिसबाहेर त्यांना काय बोलावं सुचत नाही.

वेनराइटच्या चुका दुसऱ्या टोकाच्या. ‘लास्ट टँगो’त लग्न झाल्या-झाल्या एक लाडकं पात्र तिने मारून टाकलं आणि दोन बायकांच्या संसाराची गोष्ट मनापासून बघणारे प्रेक्षक दुखावले, ते रास्तच. लांबत गेलेल्या पर्वांत तिलाही डेलीची सवय सुटत नाही, एक संकट निवलं की दुसरं दारात. ‘रेनिगेड नेल’ (2024) ही साहसकथा एका पर्वात बंद झाली. ‘जंटलमन जॅक’ मात्र तिच्या जिवाचा तुकडा. हॅलिफॅक्सजवळच्या शिब्डन हॉलची जमीनदारीण ॲन लिस्टर (1791 ते 1840), जिने पन्नास लाखांच्या आसपास शब्दांची रोजनिशी ठेवली आणि बायकांवरच्या प्रेमाचा भाग सांकेतिक लिपीत लिहिला. वेनराइट तिथून हाकेच्या अंतरावर वाढली, वीसेक वर्षं हा विषय मनात धरून होती. 2019 ला मालिका आली, 2022 ला दुसरं पर्व झालं आणि अमेरिकेतल्या भागीदार वाहिनीने अंग काढून घेतलं. दोन दशकांची तयारी, दोन पर्वं. तेव्हा तिकडे लेखकाला राजाचा मान असतो वगैरे ऐकलं तर अर्धंच खरं माना.

तिसरं नाव कोणी तरी काढणारच, म्हणून सांगते. लिव्हरपूलचा जिमी मॅकगव्हर्न, जन्म 1949, पूर्वी शिक्षक, ‘ब्रुकसाइड’ या डेलीतून वर आलेला. फुटबॉल मैदानावरच्या चेंगराचेंगरीत मेलेल्यांच्या घरच्यांसाठी त्याने 1996 मध्ये ‘हिल्सबरो’ लिहिलं. पोट जाळणारा राग असेल आणि तो कुठे मांडावा कळत नसेल तर त्याच्याकडे जा. शिकायला सुरुवात करताना मात्र नको. त्याच्या रागाची नक्कल पटकन भाषण होते.

मग आधी कोण?

डॉक्टर मुलीची पहिली इच्छा अर्थातच मर्क्युरिओ. डॉक्टर होता, लेखक झाला, आणखी काय हवं? करिअर म्हणून तिने त्याच्याकडेच बघावं, हे मी तिला सांगितलं. नोकरी इतक्यात सोडू नकोस. वॉर्डमध्ये जे दिसतंय ते मुंबईत बसलेल्या कुठल्याही लेखकाला दिसत नाही, तुझं भांडवल तेच आहे. मात्र नाव, रुग्ण, गाव ओळखू येईल असं काही कागदावर ठेवू नकोस.

पण बघायला आधी वेनराइट घे, असंही सांगितलं. कारण तिने मला पाठवलेल्या तीन सीनमध्ये सगळं अचूक होतं, औषधांचे डोसदेखील, आणि सगळी पात्रं एकाच आवाजात बोलत होती. वॉर्डबॉय आणि प्रोफेसर दोघंही तिच्यासारखंच व्याकरणशुद्ध. ‘हॅपी व्हॅली’चं पहिलं पर्व, सहा भाग, सुट्टीच्या दोन दिवसांत होतं. इंग्रजी सबटायटल लावून बघायचं. यॉर्कशरची बोली आपल्या कानाला पहिली वीस मिनिटं नुसती खरखर वाटते. मग बीबीसीच्या लेखक विभागाने मोफत वाचायला ठेवलेल्या संहितांमधून पहिला भाग वाचायचा आणि एक सीन मिरजेच्या बोलीत उतरवून बघायचा. भाषांतर नको. तीच दोन माणसं मिरजेत असती तर कुठे बसली असती आणि काय टाळलं असतं, ते.

माझ्या संवादलेखक मित्राला मात्र आधी मर्क्युरिओ. त्याचा कान तयार आहे. आजी, मोलकरीण, बिल्डर, कोणाच्याही तोंडचं तो झोपेत लिहितो. त्याला येत नाही ते थांबवणं. आठ वर्षं प्रत्येक सीनच्या शेवटी सगळं ओतून द्यायची सवय लागलीय, आणि गोष्ट संपवायची वेळ तर कधी आलीच नाही. त्याची शेवटची मालिका एका शुक्रवारी दुपारी फोनवर संपली. पुढच्या शनिवारचा भाग शेवटचा, दोन ट्रॅक एका सीनमध्ये मिटवा. अशा माणसाने ‘लाइन ऑफ ड्यूटी’चं पहिलं पर्व बघावं, पाचच भाग आहेत, आणि हातात वही घेऊन प्रत्येक सीनपुढे लिहावं: हे कोणाला माहीत आहे, कोणाला नाही. तिसऱ्या भागापर्यंत वहीत त्याला स्वतःचा आजार दिसेल. करिअरसाठी मात्र त्याने वेनराइटची पाच वर्षं आठवावीत. डेली लिहिली म्हणून हात बिघडला असं तिच्याकडे बघून म्हणवत नाही. ती मुळात त्या कामाला हलकं समजत नव्हती, आणि मेलरने सांगितल्यावर निघाली. हा दोन वर्षांपासून ‘ही मालिका संपली की’ म्हणतोय.

ज्यांना शिकायचं-बिकायचं नाही, शनिवारी रात्री काहीतरी छान बघायचंय, त्यांनी ‘बॉडीगार्ड’ लावावं. नेटफ्लिक्सवर आहे, सहा भाग आहेत, आणि पहिली वीस मिनिटं रेल्वेच्या डब्यात जी जातात त्यात उठून पाणी प्यायलाही सुचत नाही.

मित्राचा अजून निरोप नाही, बहुधा बँक भरतोय. डॉक्टरने परवा पहाटे पाचला मेसेज टाकला. पहिल्या भागातला पहिलाच प्रसंग तिने तीनदा पाहिला होता. अंगावर पेट्रोल ओतून घेतलेला एक तरुण मुलांच्या बागेत उभा असतो, आणि कॅथरीन त्याच्याकडे जायच्या आधी दुकानातून आग विझवायचं नळकांडं उचलते आणि एक गॉगल. नळकांडं कळलं, तिने लिहिलं होतं, पण गॉगल कशाला? मी उत्तर देणार इतक्यात दुसरा मेसेज आला: कळलं. भुवया जळू नयेत म्हणून. आमच्या कॅज्युअल्टीच्या सिस्टर अशाच आहेत.